ऑरगॅनिक केमिस्ट्रीची प्राध्यापक नेमकं करते काय: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

हे प्रश्न मी बनवलेले नाहीत. बारावीची पोट्टी, एमएस्सीवाले, त्यांचे आईबाबा, शेजारच्या काकू, लग्नाच्या पंगतीत बाजूला बसलेले कोणीतरी, सगळे कितीतरी वर्षांपासून हेच विचारून राहिलेत आणि मी व्हॉट्सॲपवर तेच तेच टाइप करून थकले, म्हणून एकदाच सगळं लिहून ठेवलं. मी मूळची काटोलकडची, नागपुरात एका कॉलेजात ऑरगॅनिक शिकवते. एक उत्तर दुसऱ्यात घुसत असेल तिथे नंबर दिलाय, तो बघा.

१. मॅडम, ऑरगॅनिक म्हणजे ते सेंद्रिय शेतीवालं ऑरगॅनिक का?

नाही हो. आमचं ऑरगॅनिक म्हणजे कार्बनच्या संयुगांची केमिस्ट्री. औषधं, रंग, प्लॅस्टिक, पेट्रोल, साखर, अत्तर, कापसावर फवारायची कीटकनाशकं, सगळं त्यात. पूर्वी लोकांना वाटायचं की ही संयुगं फक्त जिवंत शरीरातच बनतात, मग १८२८ मध्ये व्होलर नावाच्या जर्मन केमिस्टनं अमोनियम सायनेट तापवून युरिया बनवला आणि त्या समजुतीला पहिला मोठा तडा गेला. गंमत म्हणजे तोच युरिया आज पोत्यात भरून येतो, आमच्या हिशोबानं तो पक्का ऑरगॅनिक आणि सेंद्रिय शेतीत त्याला बंदी! माझ्या बाबांना हे समजवायला मला दोन दिवाळ्या लागल्या.

२. तुमचं संशोधन कशावर आहे? सासूबाईंना सांगता येईल असं सांगा.

माझ्या सासूबाईंना मी असं सांगितलं: ब्लाउजचा कट एकच, पण गळा बदलायचा, बाह्या बदलायच्या, असे पन्नास ब्लाउज शिवायचे आणि कोणता कोणाला नीट बसतो ते बघायचं. आमचा कट म्हणजे पायराझोल, पाच अणूंचं कडं, त्यात तीन कार्बन आणि शेजारीशेजारी दोन नायट्रोजन. असं कडं सेलेकॉक्सिब नावाच्या दुखण्यावरच्या औषधात आहे, सिल्डेनाफिलमध्येही आहे (ते कशाचं औषध हे सासूबाईंना सांगितलं नाही). आम्ही कड्याला वेगवेगळे गट लावतो, प्रत्येक संयुग शुद्ध करतो आणि त्याची रचना सिद्ध करतो.

सुरुवात बहुतेक वेळा चालकोन नावाच्या संयुगापासून, त्याचंच पुढे पायराझोल करतो. ॲसिटोफिनोन आणि बेंझाल्डिहाइड अल्कोहोलात घ्यायचे, कॉस्टिक टाकायचं, ढवळायचं, छान पिवळा घट्ट गोळा खाली बसतो. स्वस्त, सोपं, साध्या प्रयोगशाळेतही होतं, म्हणून आपल्या विदर्भातल्या कॉलेजांत चालकोनवर काम केलेलं माणूस दगड मारला तर सापडेल. काही लोक यावर हसतात. मला हसू येत नाही, कारण बजेट नसताना हात चालता ठेवायचा तर असाच विषय लागतो.

३. नागपुरात ऑरगॅनिक घेऊन एमएस्सी कुठे करायची?

विद्यापीठाचा अमरावती रोडवरचा पदव्युत्तर विभाग आहे (नागपूर विद्यापीठ १९२३ चं, आता राष्ट्रसंत तुकडोजी महाराजांच्या नावाचं), शासकीय विज्ञान संस्था आहे जी १९०६ मध्ये व्हिक्टोरिया कॉलेज ऑफ सायन्स म्हणून सुरू झाली, व्हीएनआयटी हे इंजिनिअरिंगचं कॉलेज आहे जिथे एमएस्सी प्रवेशाच्या जॅम परीक्षेच्या गुणांवर जाता येतं, आणि बरीच संलग्न कॉलेजं आहेत. १९४२ चं एलआयटी (लक्ष्मीनारायण इन्स्टिट्यूट) केमिकल टेक्नॉलॉजीवाल्यांचं, तो रस्ता थोडा वेगळा, इंडस्ट्रीकडे जाणारा.

कॉलेज निवडताना नावापेक्षा एकच गोष्ट विचारा: प्रॅक्टिकलला प्रत्येकाला स्वतःचा सेट मिळतो की सहा जण एका कंडेन्सरभोवती उभे राहतात?

४. प्राध्यापक व्हायला काय काय लागतं?

एमएस्सीला किमान ५५ टक्के (राखीव प्रवर्गांना ५०), आणि नेट किंवा सेट ही पात्रता परीक्षा. सायन्सवाल्यांची नेट म्हणजे सीएसआयआर-यूजीसीची, विषय केमिकल सायन्सेस, २०० गुण, तीन तास. सेट राज्याची, ती पुण्याचं विद्यापीठ घेतं. असिस्टंट प्रोफेसरसाठी यूजीसीनं २०२३ मध्ये पीएचडी ऐच्छिक केली, पण मुलाखतीला गेलात की समोर बसलेल्या दहापैकी आठ जणांकडे पीएचडी असते, त्यामुळे कागदावर ऐच्छिक आणि प्रत्यक्षात काय ते समजून घ्या. पुढे असोसिएट व्हायला पीएचडी आणि आठ वर्षं अनुभव, प्रोफेसर व्हायला दहा वर्षं, सोबत पेपर. पगाराचं १५ मध्ये.

५. पीएचडीला किती वर्षं लागतात आणि तेवढे दिवस खायचं काय?

२०२२ च्या नियमांप्रमाणे कमीत कमी तीन, जास्तीत जास्त सहा, मुदतवाढ वेगळी. माझ्याकडे तीन वर्षांत कोणी झालेलं नाही, साडेचार-पाच धरून चला. नेटमधून मिळणारी जेआरएफ ही फेलोशिप मिळाली तर महिन्याला ३७,००० आणि दोन वर्षांनी तिची एसआरएफ झाली की ४२,०००, वर घरभाडं. ती नसेल तर बार्टी, सारथी, महाज्योती या राज्य सरकारच्या संस्थांच्या फेलोशिप बघा, महाज्योतीचं तर ऑफिसच आपल्या नागपुरात आहे. पैसे मात्र दर महिन्याच्या एक तारखेला येतील असं समजून खोली भाड्यानं घेऊ नका. माझ्या एका विद्यार्थ्याचे अकरा महिन्यांचे एकदम आले, तोपर्यंत तो ट्यूशन घेऊन आणि मेसवाल्या काकूंच्या कृपेनं जगला.

६. गाइड कसा निवडायचा?

प्रोफेसरला एका वेळी आठ, असोसिएटला सहा, असिस्टंटला चार विद्यार्थी घेता येतात, म्हणजे आधी जागा आहे का ते विचारा. मग त्याच्या लॅबमध्ये संध्याकाळी पाचनंतर जा आणि तिथल्या सीनियरला चहाला बाहेर न्या, तर्री पोहे खाऊ घातले तर आणखी खरं बोलेल. विचारायचे प्रश्न: केमिकल कोणाच्या पैशानं येतात, एनएमआरचे (रेणूची रचना दाखवणाऱ्या मशीनवरच्या तपासणीचे) पैसे कोण भरतं, सर शेवटचे बेंचवर, म्हणजे प्रयोगाच्या टेबलाशी, कधी आले, आधीचे विद्यार्थी आता कुठे आहेत. माझ्याबद्दलही विचारा, मला राग येणार नाही.

७. लॅबमध्ये दिवसभर काय चालतं? सिनेमात तर रंगीत धूर असतो.

धूर दिसला तर पळायचं असतं. खरं काम असं आहे की रिॲक्शन लावायला अर्धा तास पुरतो, उरलेला आठवडा तिच्यातून आपला पदार्थ वेगळा काढण्यात जातो, आणि हे कोणी आधी सांगत नाही. रिॲक्शन लावली की दर अर्ध्या तासानं टीएलसी, म्हणजे सिलिका लावलेल्या छोट्या प्लेटवर थेंब ठेवून बघायचं की सुरुवातीचा डाग संपला का आणि नवीन डाग आला का. संपली की पाण्यात ओतायची, सेपरेटिंग फनेलमध्ये इथाइल ॲसिटेट घालून हलवायचं, मग दोन थर छान वेगळे व्हायला पाहिजेत पण होत नाहीत, मधे ताकासारखं इमल्शन होऊन बसतं, त्यात मीठ टाका आणि वाट बघा, काही वेळा रात्रभर. मग कॉलम. काचेच्या नळीत सिलिका भरायची, वरून आपला चिकट काळपट ऐवज घालायचा आणि हेक्झेनमध्ये इथाइल ॲसिटेट थोडं थोडं वाढवत खाली उतरवायचा, साठ-सत्तर टेस्ट ट्यूब भरतात, प्रत्येकीची टीएलसी. मधेच लाइट गेली, कोणी बोलवायला आलं, कॉलम कोरडा पडून तडा गेला की दिवस गेला. सगळं नीट झालं तर शेवटी तळाशी पांढरे स्फटिक दिसतात, आणि त्या दिवशी सीताबर्डीवर आइस्क्रीम माझ्याकडून.

हे विद्यार्थ्याचं झालं. माझा दिवस म्हणजे आठवड्याला ठरलेले तास, पेपर तपासणं, प्रॅक्टिकलला एक्स्टर्नल म्हणून कुठेतरी जाणं, कॉलेजचं मूल्यांकन करणाऱ्या नॅकच्या फाइली, आणि उरलेल्या वेळात लॅबच्या दारात उभं राहून विचारणं, काय रे, काहून टीएलसी नाही घेतली?

८. नागपूरच्या मे महिन्यात लॅब चालते तरी कशी?

हा माझा आवडता प्रश्न. डायइथाइल इथर ३४.६ अंशाला उकळतं. मे महिन्यात आपल्याकडे पारा ४५ च्या घरात, म्हणजे बाटलीतलं इथर खोलीत ठेवल्या ठेवल्या उकळायच्या तयारीत. बूच उघडलं की फुस्स. डायक्लोरोमिथेन साधारण ४० अंशाला, त्याचीही तीच कथा. पुस्तकात ‘रूम टेंपरेचर’ लिहिलेलं असतं ना, ते युरोपातल्या खोलीचं, आपल्या नाही. माझी एक विद्यार्थिनी मार्चमध्ये छान चाललेली रिॲक्शन मेमध्ये पुन्हा करून राहिली आणि तीन डाग जास्तीचे येऊन राहिले, पंधरा दिवस तिनं स्वतःला दोष दिला, मग थर्मामीटर टाकून बघितलं तर फ्लास्क ४१ अंशावर. तेव्हापासून आमच्या वहीत ‘आरटी’ लिहायला मनाई, आकडा लिहायचा.

दुसरा त्रास कंडेन्सरचा. सॉल्व्हंटची वाफ थंड करायला नळाचं पाणी फिरवतात आणि ते येतं गच्चीवरच्या टाकीतून, दुपारी त्यात हात घालवत नाही. मग रोटाव्हॅपमध्ये (पंप लावून सॉल्व्हंट उडवायचं यंत्र) सॉल्व्हंट उडतं पण परत जमा होत नाही, पंपातून सगळं हवेत आणि आपल्या नाकात. चांगला चिलर महाग. आमचा उपाय म्हणजे कूलरमध्ये असतो तो छोटा पंप, बादलीत बर्फ आणि पाणी, पंप बादलीत टाकून नळी कंडेन्सरला जोडायची. बर्फ रसवंतीवाल्याकडून. त्याला वाटतं आम्ही रोज पार्टी करतो.

खरा धोक्याचा भाग: इथर आणि टीएचएफ नावाचं त्याच्याच जातीचं सॉल्व्हंट यांची जुनी उघडलेली बाटली हवा आणि उजेड लागला की आत पेरॉक्साइड तयार करते आणि ते कोरडं होईपर्यंत तापवलं तर स्फोट होऊ शकतो. बाटली उघडल्याची तारीख वर लिहा, पोटॅशियम आयोडाइडची टेस्ट करा, पिवळं-तपकिरी झालं तर वापरू नका. सुट्टीआधी बाटल्या मोजा.

९. मग पावसाळा बरा का?

काही बाबतीत उलट. मॅग्नेशियम वापरून कार्बनला कार्बन जोडायची ग्रिन्यार रिॲक्शन (ज्यासाठी व्हिक्टर ग्रिन्यारला १९१२ चं नोबेल मिळालं) पाण्याचा अंशही सहन करत नाही, मॅग्नेशियम नुसतं खाली पडून तुमच्याकडे बघत राहतं. जुलैत आम्ही काच ओव्हनमध्ये वाळवा, आयोडीनचा खडा टाका, देवाला नारळ बोला असं सगळं करतो. मेमध्ये हवा इतकी कोरडी ठाक की तीच रिॲक्शन पटकन सुरू होते, फक्त इथरऐवजी ६६ अंशाला उकळणारं टीएचएफ घ्यायचं. कूलरसमोर मात्र करू नका, ती हवा ओलीच असते. हे आम्हाला दोनदा फसल्यावर कळलं.

१०. संत्र्याच्या सालीचं तेल घरी काढता येतं का?

येतं, थोडंसं. संत्र्याच्या सालीच्या तेलात नव्वद टक्क्यांच्या वर लिमोनिन असतं. ते एकटं १७६ अंशाला उकळतं पण पाण्याच्या वाफेबरोबर १०० च्या थोडं खालीच निघून येतं, याला स्टीम डिस्टिलेशन म्हणतात. बारीक केलेली ताजी साल, पाणी, गोल बुडाचा फ्लास्क, कंडेन्सर, तासभरात पाण्यावर तेलाचा पातळ थर तरंगतो आणि अख्खा व्हरांडा घमघमतो. आंबिया बहराच्या दिवसांत, ऑक्टोबरनंतर, काटोल-वरूडकडून गाड्या येतात तेव्हा बीएस्सीच्या मुलांना मी हाच प्रयोग देते. घरी कुकरच्या शिटीला नळी जोडून करू नका, साल अडकली तर तुम्ही आणि कुकर दोघंही गेले.

लहानपणी साल पिळून भावाच्या डोळ्यात फवारा मारला असेल, फुगा फोडला असेल, मेणबत्तीवर पिळून ठिणग्या पाडल्या असतील, ते सगळं लिमोनिनच. ते रबर विरघळवतं आणि पेट घेतं. आणखी एक, ‘नैसर्गिक आहे’ म्हणून जुनं तेल अंगाला चोळू नका, हवेत राहून त्याची जी संयुगं होतात त्यानं कातडीला ॲलर्जी येते.

११. पुस्तकात आहे की लिमोनिनचा एक हात संत्र्यासारखा वासतो आणि दुसरा लिंबासारखा. खरं का?

अर्धं. लिमोनिनची दोन रूपं असतात, उजव्या-डाव्या हातासारखी एकमेकांची आरशातली प्रतिमा. संत्र्यात उजवं असतं हे खरं. पण लिंबाच्या सालीतही मुख्यतः उजवंच असतं! लिंबाचा वास सिट्रालसारख्या दुसऱ्या संयुगांमुळे येतो, आणि डाव्या लिमोनिनचा वास टर्पेंटाइनकडे झुकणारा. वर्षानुवर्षं एका पुस्तकातून दुसऱ्यात उतरलेली चूक आहे ही, मीही सात-आठ वर्षं तसंच शिकवलं. परीक्षेत काय लिहायचं विचाराल तर कार्व्होनचं उदाहरण लिहा, ते पक्कं आहे: एक रूप पुदिन्याच्या जातीच्या स्पिअरमिंटचं, दुसरं शहाजिऱ्याचं, शेपूच्या बियांमध्येही तेच.

१२. किती यील्ड आलं म्हणजे चांगलं?

यील्ड म्हणजे हिशोबानं जेवढा पदार्थ मिळायला पाहिजे त्यातला खरंच हातात किती आला. एकाच पायरीला ८० टक्के म्हणजे पेढे. पण पाच पायऱ्या असतील आणि प्रत्येकीला ८० आलं तरी शेवटी हातात ३३ टक्केच उरतात, गुणाकार करून बघा. म्हणून लांबच्या रस्त्यात पायरी कमी करणं हे यील्ड वाढवण्यापेक्षा मोठं काम. आणि ९८ टक्के यील्ड लिहिलेलं दिसलं की मी आधी विचारते, वाळवलं होतं का? ओल्या पदार्थाचं यील्ड नेहमी छान येतं, मी १०४ टक्केही पाहिलंय.

१३. नवीन संयुग बनवलं, बॅक्टेरिया मेले, म्हणजे औषध सापडलं ना?

नाही. पेपरात ‘अँटिमायक्रोबियल ॲक्टिव्हिटी’ हा परिच्छेद असतो तो बहुतेक वेळा बशीतल्या जेलवर चकती ठेवून भोवतीचं वर्तुळ मोजलेलं असतं. फिनाइलनंही बॅक्टेरिया मरतात. ते किती कमी मात्रेत मरतात, सिप्रोफ्लॉक्सॅसिन या अँटिबायोटिकच्या तुलनेत कुठे, माणसाच्या पेशी जगतात का, पाण्यात विरघळतं का, लिव्हर त्याचं काय करतं, हे सगळं पुढे आहे आणि त्याला दहा-बारा वर्षं आणि कंपनीचा खिसा लागतो. वर्तमानपत्रात ‘नागपूरच्या प्राध्यापिकेनं शोधलं औषध’ असं छापायला एकदा कोणी तयार झालं होतं, मी हात जोडले. आम्ही ब्लाउज शिवले (२ बघा), कोणाला बसला ते अजून माहीत नाही.

१४. रचना बरोबर आहे हे कसं कळतं? चूक होते का?

होते, आणि माझी झालीये. माझ्या पीएचडीत मी डायकीटोन आणि फिनाइलहायड्राझिनपासून पायराझोल बनवत होते. डायकीटोनची दोन टोकं वेगळी असली की कडं दोन बाजूंनी बंद होऊ शकतं आणि दोन भावंडं तयार होतात, वजन तेच, आयआर (इन्फ्रारेडची तपासणी) जवळपास तोच, साधा प्रोटॉन एनएमआरही फसवा. मी एका जुन्या पेपरात दिलेली बाजू धरून अकरा संयुगांच्या रचना काढल्या. तेव्हा आमच्याकडे एनएमआर नव्हता, सॅम्पल छोट्या शिशीत पोस्टानं बाहेरगावी पाठवायचं, दीड महिन्यानं कागद यायचा, म्हणून मी महागडे प्रयोग टाळले. शेवटच्या वर्षी एका परीक्षकानं नोई करायला लावलं, म्हणजे कोणते हायड्रोजन जागेवर एकमेकांच्या शेजारी आहेत ते दाखवणारा एनएमआर. अकरापैकी तीन उलटे निघाले. दीड वर्षाचा एक धडा पुन्हा लिहिला, रडून घेतलं, परीक्षकाला मनात शिव्या दिल्या. आज माझ्या लॅबमध्ये प्रत्येक मालिकेतल्या निदान एका संयुगाचा नोई किंवा स्फटिकाचा एक्स-रे झाल्याशिवाय लिहायला बसायचं नाही, मग पैसे माझ्या खिशातून गेले तरी चालतील.

१५. पगार किती? खरा आकडा सांगा.

कायम असिस्टंट प्रोफेसरचं मूळ वेतन ५७,७०० पासून, असोसिएट १,३१,४०० पासून, प्रोफेसर १,४४,२०० पासून, वर महागाई भत्ता वगैरे. हे आकडे ऐकून आईबाबा खूश होतात, म्हणून दुसरी बाजूही ऐका. कायम जागा क्वचित निघतात आणि मधली वर्षं सीएचबीवर जातात, म्हणजे तासिका तत्त्वावर, जेवढे तास घेतले तेवढे पैसे, सुट्टीत शून्य. नेट, पीएचडी सगळं असलेली चाळिशीची माणसं मी सीएचबीवर पाहिलीत. घरी दुसरा पगार नसेल तर एमएस्सीनंतर फार्मा कंपनीत आर अँड डीला जाणं हे अपयश नाही, हे मी प्रत्येक बॅचला फळ्यावर लिहून सांगते.

१६. एका जर्नलचा मेल आला, तीन दिवसांत छापतो, अडीच हजार भरा. भरू का?

नका भरू. ज्याला परीक्षक वाचतात तो पेपर तीन दिवसांत स्वीकारला जात नाही. यूजीसीची चांगल्या जर्नलांची केअर यादी होती ती २०२५ मध्ये बंद झाली, आता जबाबदारी विभागाची आणि तुमची. साधी खूण: तुम्ही स्वतः संदर्भ म्हणून वापरलेला एखादा तरी पेपर त्या जर्नलमधला आहे का?

१७. पेटंट आधी की पेपर आधी?

पेटंटचा अर्ज आधी. पेपर, पोस्टर, कॉन्फरन्समधलं भाषण, काहीही बाहेर आलं की नवेपणावर पाणी. पण नवं संयुग म्हणजे लगेच पेटंट असं नाही, त्याचा उपयोग दाखवावा लागतो, आणि तिथे पुन्हा १३ वाचा.

१८. मुलीला पाठवावं का? केमिकलनं पुढे मूल व्हायला त्रास होतो म्हणतात.

हा प्रश्न आया मला बाजूला घेऊन विचारतात. काही सॉल्व्हंट खरंच वाईट आहेत, बेंझिननं कॅन्सर होतो, डीएमएफ गर्भाला घातक मानतात. ते मुलांनाही लागू आहे, फक्त मुलांच्या आया विचारत नाहीत. वाफा ओढून घेणारा फ्यूम हूड चालू, हातमोजे, चष्मा, तोंडानं पिपेट ओढायचं नाही, एवढं पाळलं तर काम करता येतं. दिवस राहिले असतील तर गाइडला लवकर सांगा आणि बेंचवरून उठून लिखाणाचं, स्पेक्ट्रमचं काम घ्या. मी पाचव्या महिन्यापर्यंत कोणाला सांगितलं नव्हतं, तो मूर्खपणा होता. गाइडला सांगायची भीती वाटत असेल तर गाइड चुकलाय, ६ बघा.

१९. तुमची लॅब बघायला येऊ का?

या की. बंद बूट, सुती कपडे, केस बांधून, ओढणी घरी ठेवून. मेमध्ये नको, आणि कॉलम चालू असेल त्या दिवशी कोणाशी बोलू नका. येताना संत्री आणली तर खा खुशाल, साली मात्र फेकू नका, त्या मला लागतात.